कानात सांगायचं नाव

वरवंट्याला टोपडं बसत नव्हतं. एका बाजूनं ओढलं की दुसऱ्या बाजूनं निसटायचं, आणि नाडीची गाठ मारायची तर हनुवटी हवी, ती दगडाला कुठली – तरी केरानं त्याला झबल्यात गुंडाळून मांडीवर आडवा घेतला होता, आणि घेतल्या घेतल्या तिची मांडी आपोआप हलायलाही लागली होती. स्वतःचंच तिला हसू आलं. सकाळी घासून धुतला होता, तरी त्याच्या अंगाला लाल मिरचीचा वास होता. बारीक भोकांत वर्षानुवर्षांचं वाटण बसलेलं, ते काय एका धुण्यात जातंय. बाळाच्या आधी पाळण्यात हा निजणार. मग बाळ. बाळानं ह्याच्यासारखं टणक व्हावं, घाव सोसावेत, आपटलं तरी फुटू नये… एवढ्या मऊ जिवाकडून केवढ्या अपेक्षा, असं तिच्या मनात आलं आणि तिनं नाडी जोरात ओढली.

बाहेर ओट्यावर बायका जमायला लागल्या होत्या. तिसगावातलं भावाचं हे घर नवं, स्लॅबचं. माळ्यावर अजून रंगाचे डबे पडलेले. आज त्याच्या लेकीचं बारसं होतं आणि आजचा मान आत्याचा, म्हणजे केराचा. वाकायचं, बाळाच्या कानाशी तोंड न्यायचं, कुर्रर्र करायचं, नाव सांगायचं. आई-बापांनी नाव ठरवून ठेवलं होतं – सृष्टी. भावानं, अजिनाथनं, ते फोनवर अगदी हळू सांगितलं होतं, वर बजावलंही होतं की आक्का, फुटू देऊ नको. ती मिरजगावाहून एसटीनं निघाली तेव्हापासून ते नाव तोंडात धरून बसली होती, आणि शेजारच्या बाईनं कुठं निघालात विचारलं तेव्हा नुसती मान हलवली होती.

साळूबाई आत आली. दार लोटून घेतलं, आणि आई दार लोटून घेते म्हणजे काहीतरी आहे, हे केराला लहानपणापासून माहीत होतं.

"केरे, कानात सांगताना आदी धोंडी म्हन," साळूबाई म्हणाली. "हळूच. मग त्येंचं काय हाय ते म्हन मोठ्यानं."

केराला आधी कळलंच नाही. मग कळलं, आणि मांडी हलायची थांबली.

"कुनाला कळायचं न्हाई. तुला अन् तिला. अन् ज्याला कळाया पायजे त्याला."

एवढं बोलून साळूबाई घुगऱ्यांचं पातेलं उचलून निघूनही गेली, जणू मीठ टाक एवढंच सांगायला आली होती. केरा दगड घेऊन बसून राहिली. ज्याला कळायला पाहिजे तो – त्याचं नाव ह्या घरात कुणी घेत नाही. त्याच्यासाठीच तर तिचं नाव ठेवलं होतं. केरा. केरसुणीनं लोटून उकिरड्यावर टाकायचा तो केर. तिच्या आधीची भावंडं जगली नव्हती. कुणी पाचवीला गेलं, कुणी दात यायच्या वेळेला. मग ती झाली, कारखान्याच्या तळावर, ऊसतोडीच्या हंगामात, पाचटाच्या झोपडीत, कोपीत. तिला म्हणे फडक्यात गुंडाळून कोपीमागं टाकलं – पाचटाचा, राखेचा, जनावरांच्या शेणाचा जो ढीग असतो त्याच्यावर – आणि शेजारच्या टोळीतल्या राहीबाईनं येता येता 'हे कुणाचं गं, टाकलेलं' म्हणून उचललं. आईनं तिच्याकडून सूपभर बाजरी देऊन विकत घेतलं. आता ही साळूबाईची नव्हे. उकिरड्यावरची, विकतची, केर. हिला न्यायला कोण कशाला येईल? तो आला, त्यानं नाव विचारलं, नाक मुरडलं आणि गेला.

ही गोष्ट घरात कौतुकानं सांगितली जायची. बाप तर – बन्सी, आता तो नाही – पाहुणे आले की तिला पुढं ओढून सांगायचा, आमची उकिरड्यावरची. त्याला त्यात अभिमान होता, तो तिला आता कळतो. तेव्हा फक्त पाहुण्यांचं हसू कळायचं. आणि शाळा… शाळेत झाडण्याची पाळी कुणाचीही असो, गुरुजींनी 'केर काढा' म्हटलं की सगळा वर्ग तिच्याकडं बघायचा. दर दिवाळीला राहीबाईला चोळी न्यायची, तिच्या पाया पडायचं, कारण तिनं उचललं. राहीबाई चोळी घ्यायची आणि तिच्या तोंडाकडे बघायची नाही, कशी कोण जाणे खाली चोळीच्या काठाकडंच बघत राहायची. केराला वाटायचं, हिलाही आपली किळस येते. मग अजिनाथ झाला, नवसाचा. त्याला देवाचं नाव. एकाच आईच्या पोटातून आलो आम्ही, त्याला गडावरच्या नाथाचं नाव आणि मला झाडलोटीचं – आणि वर तो लाडात आला की म्हणणार, तुला तर विकत घेतलीय. तिनं त्याला बदडलं होतं त्यापायी. आणि आईनं तिलाच बदडलं होतं.

लग्नात मात्र सगळं फिटेल असं वाटलं होतं. ताटात तांदूळ पसरले, नवऱ्यानं, काकासाहेबांनी, अंगठीनं नाव काढलं – पुष्पावती. बायका म्हणाल्या, काय गोड नाव. ते नाव सासूनं निवडलं होतं, कारण मोठ्या जावेचं नाव लीलावती होतं आणि दोघींची जोडी जमायला हवी. कपबशा घेताना बघतात तसं. पहिलं वर्षभर कुणी 'पुष्पा' अशी हाक मारली की ती वळायचीच नाही. सासूला वाटलं, बहिरी पोरगी गळ्यात मारली. सासरे श्रीमंतराव त्या मानानं बरे, ते संध्याकाळी ओट्यावर बसून घोडके हे आडनाव कसं पडलं ते सांगायचे – कुण्या पूर्वजानं कुण्या सरदाराला ऐन लढाईत स्वतःचा घोडा दिला म्हणे. कोणता सरदार, कोणती लढाई, ते दर वेळी बदलायचं. घोडा तेवढा तोच असायचा. पुरुषांच्या नावात घोडे येतात, गड येतात, देव येतात. कुणी त्यांना ते उतरवून ठेव म्हणत नाही. तिचं मात्र एक ताट तांदूळ सारखे करून उतरवलं होतं, आणि त्याच तांदळाचा दुसऱ्या दिवशी भात झाला होता. तिनंही तो खाल्ला होता.

आणि गंमत अशी – खरं तर गंमत नव्हे, राग – की ज्या नावाचा तिनं एवढा दुस्वास केला ते उतरवल्यावर तिला ते परत हवंसं झालं. मिरजगावात हायवेवर काकासाहेबांचं पाइपांचं दुकान, त्याच्या पाटीवरही 'पुष्पावती' आहे, मोठ्या अक्षरात. लोक म्हणतात, नवऱ्याचं प्रेम बघा. असेल. ती पाटीखालून जाते तेव्हा तिला वाटतं, कुणीतरी दुसरीच बाई मालकीण आहे आणि आपण तिच्याकडे कामाला आहोत.

वरवंटा परातीत ठेवून ती बाहेर आली तर समोरच विहीणबाई. भावजय धनश्रीची आई, सत्यशीलाबाई, नगरच्या. इस्त्रीची साडी, पर्स मांडीवर. त्यांनी हसून जागा करून दिली.

"तुम्हीच ना आत्याबाई? आपलं नाव नाही कळलं."

"केराबाई."

तिनं ते मुद्दाम स्वच्छ उच्चारलं. अलीकडे ती असं करायला लागली होती. दवाखान्यात, बँकेत, कुणी विचारलं की. कशाला, ते तिलाही सांगता आलं नसतं. सत्यशीलाबाईंचं हसू तसंच राहिलं पण त्यातलं काहीतरी गेलं, आणि पाण्याच्या बाटल्यांचं खोकं घेऊन चाललेला अजिनाथ मध्येच थांबला.

"पुष्पावती नाव आहे तिचं. केरा आपलं लाडानं म्हणतो आम्ही."

"लाडानं नाही," केरा म्हणाली. "जगावी म्हणून ठेवलंय. आणि जगले."

"हो का. छान," सत्यशीलाबाई म्हणाल्या आणि पर्सची चेन उगाचच उघडून मिटली.

अजिनाथनं तिला कोपऱ्यात गाठलंच. "आक्का, आजच्या दिवस तरी."

"आजच्या दिवस काय?"

"पुष्पा हो की."

"तू हो," ती म्हणाली. त्याला हसावं की चिडावं कळेना. तोही वाईट नव्हता, लाजरा होता एवढंच. लहानपणी नाक तिच्याच पदराला पुसायचा. आता त्याला तिच्या नावाची लाज वाटते. वाटू दे. मला नाही वाटत आता, आणि ज्या दिवशी वाटायची थांबली तो दिवस कोणता ते आठवत नाही, पण एकदा थांबली ती थांबली.

तरीही धोंडी… तो शब्द आतल्या आत फिरत होता. आईला तोंडावर नाही म्हणणं सोपं होतं. तिच्या भीतीला नाही म्हणणं अवघड होतं. कारण ह्या घरातलं एक लेकरू गेलं होतं. दोन वर्षांपूर्वी, धनश्रीचा पहिला मुलगा, नगरच्या दवाखान्यात काचेच्या पेटीत, बारसं व्हायच्या आधीच. आणि समजा उद्या हिला काही झालं – नुसता विचार आला आणि केरानं तो पायानं मागं लोटला, पण लोटलेला विचार जातो थोडाच, तो उंबऱ्यापाशी बसून राहतो. एक शब्दच तर आहे. पुटपुटायचा. कुणाला कळणार नाही. म्हातारीला झोप लागेल. आपलं काय जातंय?

आतल्या खोलीत धनश्री बाळाला पाजत बसली होती. जरीची साडी खांद्यावरून सावरून, पोरगी अगदी दमलेली. बाळाचा कान वर होता. केरा त्या कानाकडे बघत राहिली. अजून त्याच्या पाळीवर लव होती, आणि आत जायची वाट एवढीशी.

"ताई, नाव लक्षात आहे ना?" धनश्रीनं विचारलं.

"आहे."

"मी तर पहिल्या दिवसापासून तीच हाक मारते. आई ओरडतात, बारशाच्या आधी घेऊ नये म्हणून." ती थांबली. बाळाच्या तोंडाकडे बघतच म्हणाली, "पहिल्याला नाव नव्हतं ना, ताई. रडताना काय म्हणून रडायचं तेच कळेना. नुसतं बाळ, बाळ. बाळ तर कुणाचंही असतं."

केरानं धनश्रीच्या डोक्यावरचा पदर उगाच नीट केला आणि ती मागच्या दारानं बाहेर आली, कारण तिथं उभी राहिली असती तर रडली असती, आणि आज रडायचं नव्हतं.

मागं हौदापाशी साळूबाई हात धूत होती. केरा तिच्यासमोर उभी राहिली.

"मी न्हाई म्हननार ते." माहेरच्या अंगणात आली की तिची जीभ आपोआप माहेरची व्हायची.

"म्हनशील."

"आये, जलमभर मी त्ये नाव वागवलं. शाळंत वागवलं, सासरी वागवलं. आता ह्या एवढ्याशा पोरीच्या कानात मीच घालू व्हय?"

"नुसतं कानात. वागवायचं कुठं हाय तिला? तुझं लई झालं, म्हून तर हिचं झाकून करायचं म्हनते." साळूबाईनं हात पुसले, परत ओले केले. "ह्या बारीला नीट व्हाया पायजे."

"ह्या बारीला म्हंजी?"

म्हातारी हौदाच्या कडेवर बसली. कितीतरी वेळ तिनं पाण्यात बोट फिरवलं, आणि मग जे बोलली ते केराकडे न बघता बोलली.

"तुझ्या बारीला नीट झालं न्हाई. राहीबाई यायची हुती. ठरलं हुतं. तिचा ट्रक भरायला लागला, मुकादमानं सोडली न्हाई. तू तकडं ढिगावर. रडाया लागलीस. मी कोपीत हात दाबून बसले, म्हनलं येईल, आत्ता येईल. मग तुझं रडनं बारीक झालं… माझ्याच्यानं न्हाई बसवलं. उठले, अन् मीच उचलली."

केरानं हौदाच्या कडेला हात टेकला.

"आईनं उचलायचं नसतंय. आईनं उचललं की संपलं. राहीबाई मागनं आली. आमी दोघींनी मग तसंच सांगितलं, तिनंच उचलली म्हून. तुझ्या बापालाबी तसंच. बाजरी दिली. पर ज्याला फसवायचं त्यानं बघितलं आसंल की. तवा त्याला काय जमलं न्हाई, म्हून त्यानं हिशेब ठिवला. धनश्रीचं पयलं त्यानंच नेलं. माझ्यापायी."

म्हणजे हे असं होतं. म्हातारी दोन वर्षं हे पोटात घेऊन जेवत होती, झोपत होती, नातसुनेला शिरा करून घालत होती… नाही, नातसून कुठली, सून. केराचं डोकं जागेवर नव्हतं. डोक्यात एकच चाललं होतं – मीच उचलली. मीच उचलली. बाळंतीण बाई, अंगातनं रक्त चाललेलं, पाचटावर अनवाणी. राहीबाईनं नाही. म्हणून ती चोळीच्या काठाकडे बघायची! किळस नव्हती ती, फुकटची चोळी घेताना तिला माझ्या तोंडाकडे बघवत नव्हतं. आणि मी एवढी वर्षं समजत होते की मला टाकलं होतं, सौदा करून परत घेतलं, आणि मी जगले कारण मला न्यावं असं कुणाला वाटलंच नाही. सगळं खोटं. युक्ती झालीच नव्हती. डाव पहिल्याच फेरीत मोडला होता, माझ्या आईनं मोडला होता, आणि तरी मी जगले – उघड्यावर, आईच्या हातात, ज्याला बघायचं त्याच्या डोळ्यांदेखत. कुणाला फसवून नव्हे. माझ्या जोरावर. तिच्या जोरावर.

"त्येला चूक म्हनायचं न्हाई," ती म्हणाली. आवाज तिला वाटला त्यापेक्षा मोठा निघाला.

"मग काय म्हनायचं?"

"मला काय ठावं. पर चूक न्हाई म्हनायचं. तू मला उचलली त्येची शिक्षा कुनी कुनाला देत न्हाई. दिली आसंल तर देनारा हलकट हाय, अन् हलकटाला भिऊन मी लेकराला नावं ठिवनार न्हाई."

साळूबाई घाबरून इकडं-तिकडं बघायला लागली, जणू कुणी ऐकलं असतं. "आसं बोलू न्हाई, केरे."

"बोलनार."

"पोरीला काय झालं म्हंजी?"

आतून अजिनाथच्या हाका यायला लागल्या – आक्का, चला, बायका खोळंबल्यात – आणि ती आईला हौदापाशी तशीच सोडून वळली. चालता चालता तिला जाणवलं की आपण आईला जवळ घ्यायला हवं होतं. पण राग आलेला होता, आणि आनंदही आलेला होता, दोन्ही एकदम आले की माणसाला हात कुठं ठेवायचे ते कळत नाही.

पाळणा फुग्यांनी भरला होता. दगड निजवून झाला, उचलून झाला. मग बाळाला पाळण्याच्या खालून वरून दिलं-घेतलं, बायकांनी पाळणा म्हटला, सत्यशीलाबाईंनी मोबाईल उभा धरला. बाळ आत टेकलं. आत्या या पुढं, कुणीतरी म्हणालं, आणि दुसरं कुणीतरी म्हणालं, पुष्पाताई या. केरा दोन्ही हाकांना आली.

ती वाकली. वाकताक्षणी तिच्या पाठीवर गुद्दे पडायला लागले. तीच रीत, आत्यानं नाव सांगावं आणि बायकांनी तिच्या पाठीत धपाटे घालून हसावं. अजून नाव सांगितलं नव्हतं तरी पडायला लागले, बायकांना कुठला धीर. कुणीतरी चांगलाच सणसणीत घातला. मारा म्हणावं. तिनं बाळाच्या कानाशी तोंड नेलं, दोन्ही हातांनी आडोसा केला, आणि त्या आडोशात दुधाचा वास होता, ऊब होती, बाहेरचा गलका एकदम लांब गेला होता. आता इथं ती आणि ही. आणि तो असेल, तर तोही. ऐकत असशील तर नीट ऐक.

"सृष्टी," ती म्हणाली.

एकदाच. आधी दुसरं नाव नाही, नंतरही नाही. आणि म्हणाली त्याच क्षणी भीती आली, खरीखुरी. तिला वाटलं होतं ठाम राहिलं की भीती येत नाही. ती येते. लेकराच्या पापण्या पातळ होत्या, निळी शीर दिसत होती, टाळू धडधडत होती. आणि हे सगळं आता खऱ्या नावानिशी उघड्यावर होतं, तिच्या शब्दावर.

ती सरळ झाली. मोठ्यानं नाव सांगितलं, टाळ्या झाल्या, धनश्री हसली आणि हसता हसता तिचे डोळे भरले. बायकांच्या डोक्यांवरून मागच्या दारात साळूबाई उभी दिसली. ती टाळ्या वाजवत नव्हती. तिनं हनुवटी किंचित वर उचलली – म्हनलीस का?

मान हलवायला काहीच लागत नव्हतं. एवढीशी हलवली असती की म्हातारी आज रात्री गाढ झोपली असती, उद्या झोपली असती, मरेपर्यंत तिच्या पोटातला दगड उतरला असता. पण मग त्या ढिगावरून तिनं मला उचललं ती कायमची चूकच राहिली असती, युक्तीनं भरून काढलेली. आजपासून ह्या पोरीला ताप आला, खोकला आला, पायऱ्यांवरून पडली, की आई आपल्याकडे असंच बघणार, हे केराला दिसत होतं. दर दिवाळीला बघणार. बघू दे. पाठ अजून चुरचुरत होती. तिनं मान ताठ ठेवली आणि आईच्या डोळ्यांत बघत राहिली, आधी आईनं नजर काढेपर्यंत. पण आई काढत नव्हती.